नाताळ तोंडावर आलाय, शेजारचं घर अडचणीत आहे. त्यांना न दुखावता मदत कशी करावी?

सोपारेकरीण

नमस्कार. बरीच वर्षं वाचनमात्र आहे, धागा पहिल्यांदाच काढतेय, सांभाळून घ्या.

आम्ही नालासोपारा पश्चिमेला राहतो. चार मजली, बिनलिफ्टची इमारत. आमच्या समोरच्या दारात एक ख्रिस्ती कुटुंब आहे, मूळचं वसईतल्या एका गावातलं. आमच्याशी मराठीत बोलतात, आपसात कादोडीत, म्हणजे त्यांच्या वसईकडच्या बोलीत. ती मला निम्मी कळते. त्यांच्या मिस्टरांचा स्वतःचा टेम्पो होता, वसईची भाजी पहाटे दादरला न्यायचे. मागच्या वर्षी दोन्ही किडन्या निकामी झाल्याचं कळलं. एप्रिलपासून आठवड्यातून दोनदा डायलिसिस. टेम्पो विकला. वहिनी फॉल-पिको आणि ब्लाउज शिवतात, त्यावर घर चाललंय. मुलगी दहावीला, मुलगा सहावीला.

माणसं मानी आहेत. किती, ते सांगते. आमच्याकडून काही दिलं तर डबा रिकामा परत येत नाही. पूर्वी त्यात सुकट नाहीतर केळ्याची वेफर असायची. आता दोन लिंबं असतात, कधी शेवग्याचा पाला. पण रिकामा नाही. एकदा मी म्हटलं, वहिनी राहू द्या ना. तर हसून म्हणाल्या, "मग पुढच्या वेळी मला घ्यायला संकोच वाटेल."

डिसेंबर लागला की त्यांच्या घरातून रोज तळणाचा वास यायचा. यंदा काही नाही. मुलगा दरवर्षी गावातल्या पोरांबरोबर नाताळगीतं म्हणत घरोघर फिरतो, या वर्षी जात नाही म्हणतो. कारण विचारलं तर म्हणाला, घसा बसलाय. घसा अजिबात बसलेला नाही, रोज जिन्यात ओरडत क्रिकेट खेळतो.

सोसायटीच्या ग्रुपवर विषय निघाला (मीच काढला). ठरतंय ते असं: प्रत्येक घरामागे ५०० रुपये काढायचे, किराणा भरायचा आणि पंचवीस तारखेला सकाळी खाली गेटपाशी सगळ्यांसमोर पाकीट नि सामान द्यायचं. कमिटीतल्या एका काकांना फोटो हवाय, फ्लेक्सवर टाकायला. हेतू वाईट नाही त्यांचा, उगाच खोटं का बोलू. पण माझ्या पोटात गोळा आला. दुसरी सूचना आली की निनावी पाकीट दाराखालून सरकवायचं. तेही मला पटेना. इतक्या छोट्या इमारतीत निनावी काय राहणार? आणि मग त्या प्रत्येकाच्या तोंडाकडे बघत बसतील, हा का तो म्हणून.

तुमच्यापैकी कुणी अशा घरात वाढलं असेल, म्हणजे घेणाऱ्याच्या बाजूला असेल, तर सांगा. देणाऱ्यांचे सल्ले ग्रुपवर भरपूर मिळालेत.

---

वॉर्डातली ताई

मी रुग्णालयात समाजसेवा विभागात काम करते, त्यामुळे नाताळचं इतर कुणी सांगेल, मी दवाखान्याचं सांगते.

पहिली गोष्ट: फळांची करंडी नेऊ नका. सुक्या मेव्याचा डबा नको, शहाळं नको, सुकामेवा ठासून भरलेला केक नको. डायलिसिसवरच्या माणसाला पोटॅशियम जपावं लागतं, पाणीसुद्धा मोजून प्यावं लागतं. लोक प्रेमाने केळी आणि नारळपाणी घेऊन येतात आणि पेशंट पुढच्या डायलिसिसच्या आधीच इमर्जन्सीत दाखल होतो. दर सणाला हे पाहते मी, दिवाळीला तर हमखास.

दुसरी: महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत डायलिसिस बसतं. ते योजनेतून चालू आहे की खिशातून, हे आधी विचारा. योजनेत नसलेल्या केंद्रात जात असतील तर केंद्र बदलणं हीच सर्वात मोठी मदत. शिवाय धर्मादाय रुग्णालयांना १० टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि १० टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत ठेवाव्या लागतात, तसा कायदाच आहे. लोकांना हे माहीत नसतं आणि काउंटरवर कुणी आपण होऊन सांगत नाही. थेट समाजसेवा अधिकाऱ्याला भेटायचं.

तिसरी: योजनेतून डायलिसिस फुकट झालं तरी येण्याजाण्याची रिक्षा त्यात नाही. आठवड्यातून दोनदा, दोन्ही बाजूंनी. येताना पेशंट गळून गेलेला असतो, त्याला लोकलमध्ये उभं करता येत नाही. आणि सोबतीला बायको जाते, म्हणजे तिची शिलाई तेवढे दिवस बंद. तुमच्या इमारतीत कुणाकडे गाडी असेल तर वाटून घ्या. एकाने एक फेरी. ५०० रुपयांपेक्षा ते जास्त उपयोगी पडेल आणि तिथे फ्लेक्स लावायला जागाही नाही.

---

टग्या

एवढा विचार कशाला? पैसे द्या आणि विसरून जा. भूक लागलेल्याला मान-अपमान नसतो.

---

साचेवाला

टग्या, भूक लागलेल्यालाच तो सर्वात जास्त असतो रे. भरल्या पोटी माणूस अपमान विसरतो, उपाशी पोटी पुरवून पुरवून लक्षात ठेवतो. मी त्या बाजूचा आहे, म्हणून लिहितो. लांबेल, माफ करा.

आमचं बिऱ्हाड माझगाव-भायखळ्याच्या मधल्या एका चाळीत होतं. वडील गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागावर, आम्ही कुडाळकडचे. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा मी पाचवीत होतो. डॉक्टर दत्ता सामंतांच्या मागे अडीच लाख कामगार उभे होते, वडील म्हणायचे, दोन महिने फार तर. होळीला गावी पाठवायला पैसे नव्हते तेव्हा म्हणाले, पावसाळ्याच्या आत. गणपतीला चाळीतली निम्मी बिऱ्हाडं गावी गेली ती परत आलीच नाहीत, तिकडेच शेतावर राहिली. आमची गावची जमीन चुलत्यांच्या ताब्यात, म्हणून आम्ही मुंबईतच अडकलो. दिवाळीपर्यंत आईची पितळी भांडी मोडीत गेली होती, हंडा-कळशी तेवढी राहिली. मंगळसूत्र पेढीवर गहाण. मोठ्या बहिणीची शाळा सुटली, ती मसाले कांडणाऱ्या बाईकडे मिरच्या निवडायला जायची. तिच्या बोटांची आग रात्री थांबायची नाही, ती हात रॉकेलच्या डब्याच्या गार पत्र्याला लावून झोपायची.

युनियनकडून धान्य यायचं. गावागावांतून शेतकऱ्यांनी पाठवलेलं असायचं ते. त्याला वडिलांची ना नव्हती. ते आपलंच आहे, लढ्याचं आहे, असं त्यांचं म्हणणं. पण त्याच सुमारास एका मंडळाने धान्यवाटपाचा कार्यक्रम ठेवला. मांडव, लाऊडस्पीकर, एकेकाचं नाव पुकारायचं, गिरणीचं नाव पुकारायचं आणि पाहुण्यांच्या हातून पिशवी. वडील रांगेत उभे राहिले, मी बरोबर होतो. त्यांची पाळी आली. पिशवी हातात घेतली. फोटोवाला म्हणाला, "मामा, पिशवी जरा वर धरा." वडिलांनी पिशवी खाली ठेवली आणि चालू लागले. घरी येऊन आईला एवढंच म्हणाले, "आमी अजून भीक मागूक लागलंव नाय."

आई काही बोलली नाही. संध्याकाळी गुपचूप जाऊन ती पिशवी घेऊन आली. तिला पाच तोंडं भरायची होती. या गोष्टीत कोण बरोबर ते मला आजही ठरवता येत नाही. दोघंही बरोबर असावेत.

आता आंटीचं सांगतो. आमच्या मजल्यावर टोकाच्या खोलीत एक गोंयकार बाई राहायची, नवरा तारवटी, म्हणजे जहाजावर, वर्षातले दहा महिने बाहेर. सगळी चाळ तिला आंटीच म्हणायची. ती दर डिसेंबरला कुसवार, म्हणजे नाताळचा फराळ, करून विकायची. ओळखीच्या घरांच्या, ऑफिसांतल्या बायकांच्या ऑर्डरी असत. नेवऱ्या, कुलकुल, दोदोल, दोस. आमची मालवणी आणि तिची कोंकणी, त्यामुळे आई आणि ती एकमेकींशी आपापल्या भाषेत बोलायच्या आणि दोघींचं छान चालायचं.

डिसेंबरच्या सुरुवातीला ती आमच्या दारात येऊन उभी राहिली. मनगटाला फडकं बांधलेलं. आईला म्हणाली, "म्हजो हात दुखता गो. औंदा ऑर्डरी चड आसात, नेवऱ्यो म्हाका एकटेक जावच्यो नात." आईच्या नेवऱ्यांना गणपतीत चाळीत नाव होतंच. दर शेकड्याला ठरलेले पैसे, संध्याकाळी रोजच्या रोज हातावर. रवा, मैदा, खोबरं, साखर, तेल, सगळं आंटीचं. फक्त येऊन करायचं.

आई दुपारी जाऊ लागली. मग दोन दिवसांनी बहिणीला बोलावलं, मिरच्यांपेक्षा बरं म्हणून. मग आम्हा धाकट्या दोघांना कुलकुल वळायला. नवा कोरा कंगवा, त्यावर पिठाची गोळी दाबून गुंडाळायची, शिंपल्यासारखी रेषारेषांची वळकटी होते. पिठात नारळाचं दूध असे. कच्चं पीठ खायला सक्त मनाई होती. म्हणजे आंटी पाठ करून उभी राहायची, बस.

राहिले वडील. ते दिवसभर नाक्यावर किंवा गेट मीटिंगला. घरात बसायची त्यांना लाज वाटायची. आंटीने निरोप धाडला की दोदोल घोटायला बापयाचा हात लागतो, नवरा तारवार आहे, काय करू. दोदोल ज्यांनी केलाय त्यांना ठाऊक आहे. तांदळाचं पीठ, नारळाचं दूध, माडाचा काळा गूळ, आणि तासन्‌तास ढवळणं, एक क्षण थांबला हात तर तळाला लागतं. वडील आले. बनियनवर, घामाघूम, लाकडी कालथा घेऊन. साच्यावर एकेका माणसाला दोन-चार साचे सांभाळायचे असतात, उभं राहायची सवय होती. मला आठवतंय, महिन्यांनंतर त्यांनी आईला चेष्टेने काहीतरी म्हटलं त्या दिवशी, आणि आंटी इतकी हसली की शेजारची खोली उठून आली.

चांदण्यांची कल्पना मात्र वडिलांचीच. आंटीच्या दारावरची नाताळची जुनी कागदी चांदणी फाटली होती. बांबूच्या कामट्या तासून, पतंगाचा कागद चिकटवून त्यांनी नवी करून दिली. साचेखात्यातल्या माणसाचे हात ते, तुटलेला धागा चालत्या साच्यावर गाठ मारून जोडणारे. ती गाठ इतकी बारीक असते की कापडात सापडत नाही. त्यांची चांदणी कुठूनही बघा, दोरा दिसायचा नाही. ती पाहून खालच्या मजल्यावरच्या बाईने मागितली. मग तिच्या बहिणीने. नाताळच्या आधीच्या आठवड्यात वडील ग्लोरिया चर्चच्या बाजूला फुटपाथवर चादर अंथरून बसले. पाच रुपयाला एक. मी बाजूला बसून कागदाच्या झिरमिळ्या कापायचो. संपात असलेला माणूस रस्त्यावर काय विकतोय म्हणून कुणी ओळखीचा टोमणा मारेल ही भीती होती. एक जॉबर, म्हणजे गिरणीतला मुकादम, आलाच. चांदणी उलटसुलट करून पाहिली, म्हणाला, "हात सुटला नाय हां तुझा." आणि दोन घेऊन गेला. ख्रिस्ती नव्हता तो.

पंचवीस तारीख शनिवारी होती. सकाळी आंटीने चाळीतल्या प्रत्येक घरी कुसवारचं ताट पाठवलं, वर क्रोशाचा रुमाल. दरवर्षी पाठवायची. आमच्याकडेही आलं. त्यात सात-आठ नेवऱ्या, मूठभर कुलकुल, दोदोलच्या दोन वड्या. शेजारच्यांच्या ताटात जेवढं तेवढंच आमच्या ताटात. एक नेवरी जास्त नाही. ते मी तेव्हा मोजून पाहिलं होतं आणि मला राग आला होता, एवढं काम केलं आपण म्हणून. आईने ताट आणि आमची तोंडं पाहिली, आणि मला वाटतं त्या वर्षात ती पहिल्यांदा निवांत बसली. ताट परत करताना तिने त्यात काय घातलं माहितीये? आंटीकडून मिळालेल्या पैशांतून आणलेली पाव किलो साखर. सोपारेकरीण, तुमच्या वहिनींची दोन लिंबं वाचली आणि ही साखर आठवली.

पुढे बऱ्याच वर्षांनी मी आईला म्हटलं, आंटीचा हात दुखत नव्हता ना गं? आई म्हणाली, "माका पयल्याच दिवसाक कळलेला. हात दुखणारी बाय दोन-दोन बादल्यो घेवन जिनो चढता काय?" मग बोलली का नाहीस? तर म्हणे, "तिणा इतक्या मेहनतीन खोटा बोलला, तेका खोटा पाडूचा?"

संप कधी अधिकृतपणे मागे घेतला गेलाच नाही, हे बहुतेकांना ठाऊक असेल. वडिलांना परत घेतलं नाही. ते पुढे दिवाळीला कंदील, गणपतीला मखर आणि नाताळला चांदण्या करायचे, मधल्या दिवसांत वॉचमनकी. आईने प्रेमा पुरवांच्या अन्नपूर्णा महिला मंडळातून बँकेचं छोटं कर्ज मिळवलं आणि डबे सुरू केले. नाताळने आमचं घर तारलं असं मी म्हणणार नाही. जानेवारीत परत चणचण होतीच. पण वडील त्या जानेवारीत नाक्यावर नुसते उभे राहायला गेले नाहीत, कामट्या आणायला गेले.

तुमच्या कमिटीच्या काकांना एवढंच सांगा, पिशवी वर धरायला सांगू नका. बाकी ५०० रुपये चांगलेच आहेत.

---

सोपारेकरीण

साचेवाला, मी हे ऑफिसात वाचलं आणि आता डोळे पुसून मीटिंगला जातेय. वॉर्डातली ताई, विचारलं मी: डायलिसिस योजनेतून नाहीये. जवळचं केंद्र म्हणून जातात, दर वेळी पैसे भरतात. आणि मी मागच्याच आठवड्यात संत्री नेली होती. त्यांनी घेऊन "छान आहेत" म्हटलं. मुलांनी खाल्ली असावीत.

काम देण्याचं मनात घोळतंय. आमच्या इमारतीत सगळ्यांच्या कपाटात फॉल न लावलेल्या साड्या पडून असतात. सगळ्यांनी एकदम काढल्या तर?

---

ताडमाड

मी वसईचाच, म्हणून जरा आडवं बोलतो.

साचेवाल्यांचा प्रतिसाद सुंदर आहे, पण तो जसाच्या तसा उचलू नका. त्यांच्या वडिलांकडे वेळ होता आणि काम नव्हतं. इथे बाईकडे काम आहे आणि वेळ नाही. आठवड्यातले दोन दिवस दवाखान्यात, रात्री मशीनवर, वर दहावीची मुलगी. त्यात पंधरा साड्या आणि प्रत्येकीची "नाताळच्या आधी द्या हं." तिला तुम्ही मदत करताय की रात्रपाळी लावताय? साड्या द्याच, पण पैसे आगाऊ द्या आणि सांगा, मकरसंक्रांतीला हवीये, घाई नाही. आणि भाव करू नका. आपल्या बायका देणगी पाचशे देतील आणि फॉलचे दहा रुपये कमी करायला लावतील, बघाच तुम्ही.

दुसरं. त्यांच्या धर्मग्रामात विचारलंत का? बहुतेक चर्चमध्ये सेंट व्हिन्सेंट डी पॉलचे लोक असतात. पॅरिसमध्ये १८३३ साली ओझानाम नावाच्या वीस वर्षांच्या विद्यार्थ्याने मित्रांबरोबर सुरू केलेली संस्था आहे ही, आता जगभर आहे. त्यांची पद्धत मला आवडते: दोघांनी मिळून घरी जायचं, बसायचं, बोलायचं, आणि कुणाच्या घरी गेलो ते बाहेर सांगायचं नाही. बैठकीत एक पिशवी फिरते, तिच्यात ज्याने त्याने हात घालायचा, कुणी किती टाकले ते शेजाऱ्यालाही कळत नाही. माझे वडील त्यात होते. ते रविवारी संध्याकाळी कुठे जातात हे आम्हा पोरांना त्यांच्या मयताला आलेल्या अनोळखी माणसांवरून कळलं.

पण चर्चमध्ये त्यांच्या परस्पर जाऊन सांगू नका. वसईत बातमी मिस्सा संपायच्या आत गावभर होते. आधी वहिनींना विचारा. नको म्हणाल्या तर नको.

तिसरं, आणि हे मला सर्वात महत्त्वाचं वाटतं. आमच्या लोकांनी शंभर वर्षांपूर्वीच हे ओळखलं होतं की शेतकऱ्याला सणाची भेट पुरत नाही, त्याला सावकाराच्या तावडीतून सोडवावं लागतं. म्हणून १९१८ साली मोन्सेनियर मोनीस या धर्मगुरूंनी पापडीला पतपेढी काढली, तीच आजची बॅसिन कॅथॉलिक बँक. टेम्पो विकलाय म्हणता, पण टेम्पोवरचं कर्ज फिटलं का? खाजगी कुणाकडून उचललेत का? त्या घराची झोप उडाली असेल तर ती नेवऱ्यांसाठी नसेल, हप्त्यासाठी असेल. हे विचारायला तुमच्या मिस्टरांना पाठवा. पुरुषाला पुरुषाने विचारलेलं बरं, तेही एकट्यात, डायलिसिसला सोडायला जाताना गाडीत. गाडीत समोर बघून बोलता येतं.

मुलाच्या गाण्याचं: त्याला शर्ट नसेल. किंवा गाणाऱ्या पोरांना घरी बोलावून फराळ द्यावा लागतो, तो कुठून द्यायचा म्हणून जात नसेल. मला हे दुसरं कारण जास्त खरं वाटतं. त्या दिवशी पोरांना तुमच्या घरी बोलवा. समोरासमोर दारं आहेत, मधल्या पॅसेजमध्ये गाऊ देत, खाणं तुमचं. हिंदूंच्या दारातही आमची पोरं दरवर्षी गातात, त्यात नवल काही नाही.

---

साचेवाला

ताडमाड, आगाऊ पैशाचं एकदम मान्य. आंटी रोजच्या रोज द्यायची, महिनाअखेरची भाषा नव्हती. वहिनींना जास्तीच्या कामाने दमवू नका हेही बरोबर, माझ्या ते लक्षात आलं नाही कारण माझी गोष्ट बेकारीची होती, आजारपणाची नव्हती.

फक्त एक: मिस्टरांचंही काहीतरी बघा. टेम्पोवाला माणूस आहे, दादरच्या मंडईत कुणाचा माल कधी उतरतो, कोणता दलाल खरा, सगळं डोक्यात असेल. डायलिसिस नसलेल्या दिवशी बसल्या जागी फोनवर होईल असं काही. आमच्या वडिलांना ताटापेक्षा कालथा जास्त लागू पडला.

---

टग्या

बरं बाबा, हरलो. माझ्या बायकोच्याही चार साड्या आहेत बिनफॉलच्या. नालासोपाऱ्याला पाठवू का, संक्रांतीपर्यंत चालेल.

---

सोपारेकरीण

टग्या, पाठवा. भाव करायचा नाही.

बाकीच्यांना कळवते. काल वहिनींशी बोलले. सरळच विचारलं, वळणं घेतली नाहीत, मला ती जमतही नाहीत. साड्यांना हो म्हणाल्या. चर्चबद्दल म्हणाल्या, "मीच जाईन, मला माहितीये कुणाला भेटायचं." म्हणजे त्यांच्याही मनात होतं. नाताळगीतांच्या पोरांना पॅसेजमध्ये बोलवायचं ठरलंय, शंकरपाळे आणि चिवडा माझ्याकडे, चहा तिसऱ्या मजल्यावरच्या काकूंकडे. वहिनी म्हणाल्या, नेवऱ्या मात्र मी करणार, पंचवीसच करीन पण करणार. मी खोबरं किसून देईन म्हटलं, त्याला नाही म्हणाल्या नाहीत.

गाडीच्या फेऱ्यांना तीन जण तयार आहेत. फोटोवाले काका त्यातले एक! त्यांना मी साचेवाल्यांचा प्रतिसाद फॉरवर्ड केला होता, उत्तर काही आलं नाही, संध्याकाळी फक्त "मंगळवार माझा" असा मेसेज आला.

कर्जाचं अजून कळलेलं नाही. आमचे हे मंगळवारी काकांबरोबर जातील.

ताई, योजनेच्या केंद्रात बदलून घ्यायचं तर कागदपत्रं काय लागतील? आणि नाताळच्या सुट्ट्यांत जाऊन उपयोग आहे का?

---

वॉर्डातली ताई

सुट्ट्यांची वाट बघू नका, उद्याच जा. वर्षाच्या शेवटच्या आठवड्यात निम्मा स्टाफ रजेवर असतो. रेशनकार्ड, आधार, आत्तापर्यंतचे सगळे रिपोर्ट आणि डायलिसिसच्या नोंदीची वही घ्या. मूळ प्रती आणि दोन-दोन झेरॉक्स. रेशनकार्डावर त्यांचं नाव आधारसारखंच आहे का ते आज रात्रीच बघा. ख्रिस्ती नावांची स्पेलिंगं दोन्हीकडे वेगळी असतात आणि नेमकं तिथेच अडतं. वेगळी असतील तर आधी ते दुरुस्त करायला टाका. धर्मादाय रुग्णालयासाठी तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला लागतो, त्याला वेळ जातो, तो अर्ज समांतर करून ठेवा.

योजनेच्या रुग्णालयात आत शिरल्यावर आरोग्यमित्राचं, म्हणजे योजनेच्या मदतनीसाचं, टेबल असतं. आधी तिथे, मग डॉक्टर. उलटं केलंत तर केसपेपरचे पैसे भरून बसाल. जागा लगेच नसेल तर प्रतीक्षायादीत नाव घालून या आणि तोपर्यंत सध्याचं केंद्र सोडू नका, एकही डायलिसिस चुकता कामा नये. काही अडलं तर इथेच लिहा, मी रात्री दहानंतर असते.